झुरळ दिसलं? मारण्याआधी ते कोणतं आहे ते बघा

रानपाखरू

घरात झुरळ दिसलं की हात आधी चपलेकडे जातो, नाहीतर फवाऱ्याच्या डब्याकडे. ते कोणतं झुरळ आहे हे बघायला कोणी थांबत नाही. मला किड्यांचा जुना नाद आहे. ओळखीतले लोक फोटो पाठवून विचारतात, "हे काय आहे, काय करू?" बऱ्याचदा उत्तर असतं, "काही करू नका, बाहेर सोडून द्या." कधीकधी मात्र उत्तर असतं, "आजच्या आज कामाला लागा." यातलं आपल्याला कुठलं लागू आहे, हे ज्याचं त्याला ओळखता यावं म्हणून हा धागा काढतोय.

जगात झुरळांच्या साडेचार हजारांहून जास्त जाती आहेत. त्यातल्या बहुतेक पालापाचोळ्यात, सडक्या लाकडात, गुहांत राहतात आणि पाला कुजवून मातीत मिसळण्याचं काम करतात. माणसाच्या वस्तीच्या आसपास जगणाऱ्या साधारण ३० जाती, आणि घरात ठाण मांडून खरा त्रास देणाऱ्या जेमतेम चार-पाच.

त्यात सगळ्यात चिवट म्हणजे जर्मन झुरळ. लांबी दीड सेंटीमीटरच्या आत, रंग फिकट तपकिरी. डोक्यामागे जी ढाल असते तिच्यावर दोन गडद उभ्या रेघा शेजारीशेजारी असतात. हीच त्याची खूण. रेघा दिसल्या आणि झुरळ स्वयंपाकघरात सापडलं, तर दुसरा विचार करायची गरज सहसा पडत नाही. पंख असतात, पण ते नीट उडू शकत नाही. मादी अंड्यांची कुपी पोटाच्या टोकाला धरूनच फिरते. एका कुपीत ३० ते ४० अंडी असतात, आणि पिल्लं बाहेर पडायच्या बेताला आली की मगच ती कुपी टाकते. म्हणून बाकीच्या जातींपेक्षा हिची पिल्लं जास्त वाचतात. उबदार जागी दोनेक महिन्यांत पिल्लू मोठं होऊन स्वतः कुपी घेऊन हिंडायला लागतं.

दुसरं अमेरिकन झुरळ. साडेतीन-चार सेंटीमीटरचं, तांबूस, ढालीच्या कडेने पिवळट कडं. हे मुळात गटारातलं, चेंबरमधलं, तळघरातलं. घरात येतं ते मोरीच्या जाळीतून, पाइपाच्या भोकातून. उकाडा असला की उडतं, त्यामुळे घाबरायला जास्त होतं, पण घरात दोन दिसली म्हणजे घरात वसाहत आहे असं नाही. आधी जाळी बघा.

तिसरं तपकिरी पट्ट्यांचं. जर्मनएवढंच, पण ढालीवर त्या दोन रेघा नाहीत, उलट अंगावर आडवे फिकट पट्टे. याला पाणी कमी लागतं, म्हणून ते कपाटाच्या वरच्या कप्प्यात, तसबिरीमागे, टीव्ही-राउटरच्या उबेला सापडतं. स्वयंपाकघर चकचकीत ठेवूनही झोपायच्या खोलीत झुरळं का, असं विचारणाऱ्यांनी हे तपासावं.

काळपट, चमकदार, जमिनीलगत हळू चालणारं ओरिएंटल झुरळ थंड ओलाव्यात राहतं. मादीचे पंख नुसते खुंट असतात.

बाकी कुठलंही झुरळ दिसलं तर फोटो टाका. वरून, ढाल स्पष्ट दिसेल असा.

*

मध्यरात्र

फोटो टाकलाय. दोन रेघा आहेत, म्हणजे जर्मनच ना? फ्रिजच्या मागे आणि ओट्याखालच्या ड्रॉवरमध्ये आहेत. आधी रात्री दिवा लावला की पळायची, आता भर दुपारीही दिसतात. दर आठवड्याला फवारा मारते. मारला की दोन दिवस शांतता, मग हॉलमध्ये दिसायला लागतात. आता तर मुलांच्या खोलीतही आलीत. अगदी रडकुंडीला आलेय.

*

रानपाखरू

मध्यरात्र, हो, जर्मनच. आणि दिवसा दिसतात याचा अर्थ लपायच्या फटी भरल्यात, कमजोर किंवा लहान असलेल्यांना आत जागा उरलेली नाही.

फवारा आधी बंद करा. बाजारातल्या बहुतेक डब्यांत पायरेथ्रॉइड गटातलं औषध असतं. थेट अंगावर पडलं तर झुरळ मरतं, पण ज्यांच्यावर पडत नाही ती त्या वासापासून लांब पळतात. तुमची हॉलमध्ये आणि मुलांच्या खोलीत गेली ती तशीच. शिवाय या औषधांना जर्मन झुरळं बऱ्याच ठिकाणी दाद देईनाशी झाली आहेत.

त्याऐवजी जेल वापरा, म्हणजे विष मिसळलेलं झुरळांचं आमिष. तांदळाच्या दाण्याएवढे ठिपके, पण पुष्कळ ठिकाणी: ड्रॉवरच्या खालच्या बाजूला, बिजागऱ्यांच्या कोपऱ्यात, फ्रिजच्या मोटरजवळ, सिंकखाली पाइप भिंतीत शिरतो तिथे. एकाच जागी मोठा गोळा लावून उपयोग नाही, कारण झुरळ लपायच्या जागेपासून फार लांब खायला जात नाही. लहान पिल्लं तर फटीतून क्वचितच बाहेर येतात. त्यांना जेल मिळतं ते वेगळ्या वाटेने. जेल खाऊन परतलेलं झुरळ तिथेच घाण करतं, तिथेच मरतं. पिल्लं ती विष्ठा खातात, मेलेलं झुरळही खातात आणि तीही मरतात.

जेल लावलेल्या जागेच्या जवळपास फवारा अजिबात नको. ठिपक्याला वास लागला की ती त्याला तोंड लावत नाहीत.

*

फवारणीवाला

रानपाखरू यांच्याशी शंभर टक्के सहमत. मी हेच काम करतो. लोकांना उग्र वास हवा असतो, वास आला नाही तर पैसे वाया गेले असं वाटतं. धूर सोडणारे डबे पण खूप खपतात. २०१९ साली एक अभ्यास प्रसिद्ध झाला होता, जर्मन झुरळं असलेल्या घरांत हे डबे फोडून बघितले. झुरळांची संख्या कमी झाली नाही, ओट्यावर आणि जमिनीवर औषधाचा थर मात्र साचला. त्याच अभ्यासात जेलवाल्या घरांत झुरळं कमी झाली. धूर वर जातो आणि खाली बसतो, फटीत शिरत नाही. झुरळ फटीत असतं.

मध्यरात्र ताई, अजून एक. जेलच्या आधी चिकट सापळे लावा. भिंतीला टेकवून, कोपऱ्यात, फ्रिजच्या बाजूला, सिंकखाली. झुरळं उघड्यावरून चालत नाहीत, कडेकडेने चालतात. एका रात्रीत कुठल्या सापळ्यात सर्वांत जास्त अडकली ते बघा. अड्डा त्याच्या हाताच्या अंतरावर असतो. जेल तिथे जास्त लावा. मी कुठल्याही घरी आधी टॉर्च घेऊन फटींच्या तोंडाशी काळे ठिपके शोधतो. मिरपूड सांडल्यासारखी ती त्यांची विष्ठा असते. तिच्या वासाने बाकीची झुरळं तिथे जमतात, म्हणून नंतर ती जागा साबणाच्या पाण्याने घासायची.

*

कुंडीतलीमाती

आमच्याकडे वेगळाच प्रकार. घरातल्या कुंडीला पाणी घातलं की मातीतून काळसर झुरळं वर येतात. दोन सेंटीमीटरची असतील. पिल्लांचा पुढचा भाग चमकतो आणि मागचा मातकट दिसतो. स्वयंपाकघरात एकही नाही. सगळ्या कुंड्या फेकायच्या का? फोटो देतेय.

*

रानपाखरू

फेकू नका! हे सुरिनाम झुरळ. मातीत बोगदे करून राहतं, घरातल्या अन्नाशी त्याला काही देणंघेणं नाही. तुम्ही केलेलं पिल्लाचं वर्णन इतकं नेमकं आहे की फोटो नसता तरी ओळखलं असतं.

या जातीत सापडतात त्या जवळजवळ सगळ्या माद्याच. नराशिवाय पिल्लं होतात आणि ती मादीच्या पोटातूनच बाहेर येतात, बाहेर टाकलेली कुपी दिसत नाही. त्यामुळे एक मादी कुंडीच्या मातीतून आली तरी वसाहत तयार होते. फार वाढली तर कोवळी मुळं आणि खोडाची साल कुरतडतात, हरितगृहांत त्याचा उपद्रव होतो. तुमचं झाड टवटवीत दिसतंय, त्यामुळे घाई नाही. कुंडी बादलीभर पाण्यात काठापर्यंत बुडवून ठेवा, वर येतील ती उचलून टाका, वरची माती बदला, आणि दोन पाण्यांच्या मधे माती सुकू द्या. कोंबड्या असतील तर मात्र त्यांच्यापासून लांब ठेवा, कारण कोंबड्यांच्या डोळ्यात होणाऱ्या एका कृमीचा प्रसार या झुरळांमार्फत होतो.

*

आईची_शाळा

मला हे "निरुपद्रवी झुरळ" वगैरे पटत नाही. माझ्या मुलाला दमा आहे. डॉक्टरांनी चाचणी केली तेव्हा झुरळाची ॲलर्जी निघाली. झुरळ म्हणजे झुरळ, घरात एकही नको. रात्री त्याला धाप लागते तेव्हा मी ढाल आणि रेघा बघत बसू का?

*

रानपाखरू

आईची_शाळा, तुमचा संताप मला पूर्ण समजतो. तुमच्या घरात एकही नको, यावर माझं काहीच दुमत नाही. दमा आणि झुरळं यांचा संबंध पक्का आहे. १९९७ मध्ये अमेरिकेतल्या शहरी वस्त्यांमधल्या दमेकरी मुलांचा मोठा अभ्यास प्रसिद्ध झाला. ज्यांना झुरळाची ॲलर्जी होती आणि ज्यांच्या खोलीत त्याचे कण जास्त होते, त्या मुलांना दवाखान्यात भरती व्हावं लागण्याचं प्रमाण बाकीच्यांपेक्षा बरंच जास्त निघालं.

पण नेमकं तुमच्याच घरासाठी ओळख जास्त महत्त्वाची आहे. ॲलर्जीचे कण येतात ते विष्ठा, लाळ, टाकलेली कात आणि मेलेल्या झुरळांच्या चुऱ्यातून. म्हणजे घरात राहून, खाऊन, वाढणाऱ्या जातीतून. खिडकीतून चुकून आलेल्या रानझुरळामागे फवारा घेऊन लागलात, तर मुलाच्या फुप्फुसात फवारा जाईल आणि फ्रिजमागची जर्मन वसाहत तशीच राहील. दमेकरी माणसाच्या घरात फवारा आणि धूर दोन्ही टाळावेत. जेल आणि बंद डबीतलं आमिष हवेत उडत नाही. न्यू ऑर्लिन्समध्ये दमेकरी मुलांच्या घरांत नुसती आमिषं नीट जागी लावून बघितली होती, २०१७ साली ते प्रसिद्ध झालं. झुरळं कमी झाली आणि मुलांचे त्रासाचे दिवसही कमी झाले.

आणि झुरळं मेली म्हणजे काम संपलं असं समजू नका. चुरा महिनोन्महिने राहतो. कोरड्या झाडूने तो हवेत उडतो, म्हणून ओल्या फडक्याने पुसायचं, मूल खोलीत नसताना. फ्रिज, कपाट ओढून त्याच्या मागची भिंतही पुसायची. उशी-गादीची कापडं गरम पाण्यात धुवायची.

*

आईची_शाळा

हे कोणी असं समजावून सांगितलं नव्हतं. कपाटामागचं मी कधी पुसलेलं नाही. ढालीवर रेघाच आहेत, आत्ता टॉर्च लावून बघितलं. जेल आणते.

*

जुनी_वही

बाथरूमच्या भिंतीवर एक अगदी पांढरं झुरळ दिसलं, डोळे तेवढे काळे. नवीन जात आहे का?

*

रानपाखरू

नाही, नुकतीच कात टाकलेलं आहे. कात टाकल्यावर झुरळ मऊ आणि दुधाळ पांढरं असतं. बाजूला बघा, पाठीवर उभी चीर गेलेलं पोकळ, पारदर्शक टरफल पडलेलं असेल. काही तासांत अंग कडक होऊन नेहमीचा रंग येतो. हे बघायला मिळणं तसं दुर्मीळ, कारण त्या वेळात ते स्वतःचा बचाव करू शकत नाही, म्हणून लपून राहतं.

*

तळ्यातमळ्यात

मुलगी विचारते, डोकं तुटलं तरी झुरळ जगतं हे खरं का? आणि अणुबॉम्बमध्ये फक्त झुरळं वाचतील हे?

*

रानपाखरू

पहिलं खरं आहे, काही दिवस, कधी काही आठवडेही. झुरळ नाकातोंडाने श्वास घेत नाही, अंगाच्या दोन्ही बाजूंना छिद्रं असतात, त्यातून हवा आत जाते. रक्तही आपल्यासारखं दाबाने नळ्यांतून वाहत नाही, म्हणून मान तुटली तरी भळाभळा वाहून जात नाही, जखम थिजते. पाय हलवणारे मज्जातंतूंचे गोळे छातीत आणि पोटात आहेत. शेवटी पाणी पिता येत नाही म्हणून मरतं.

दुसरं चुकीचं. किरणोत्सर्ग झुरळ माणसापेक्षा पुष्कळ जास्त सोसतं, पण किड्यांमध्ये त्याचा नंबर वरचा नाही. पिठातले किडे त्याच्याहून कितीतरी जास्त सोसतात.

मुलीला एक गंमत सांगा. झुरळाच्या शेपटाकडे दोन छोटी टोकं असतात, त्यांवर बारीक केस असतात. चप्पल खाली येताना जी हवा ढकलली जाते ती त्या केसांना कळते, आणि मेंदूपर्यंत निरोप पोचायची वाट न बघता पाय सुटतात. अमेरिकन झुरळाचा वेग १९९१ मध्ये मोजला होता, सेकंदाला दीड मीटर. स्वतःच्या लांबीच्या ५० पट अंतर एका सेकंदात.

*

कुंडीतलीमाती

अजून एक शंका. खिडकीच्या काचेवर काळा, गांधीलमाशीसारखा किडा दिसतो. कंबर अगदी बारीक, पोट एवढुसं, आणि ते सारखं वरखाली हलवतो. चावेल म्हणून मारला जातो दरवेळी.

*

रानपाखरू

त्याला मारू नका, कृपया. माणसाला तो डंख करत नाही. ही मोठ्या झुरळांची अंडी खाणाऱ्या गटातली माशी आहे. मादी फटीत फिरून अमेरिकन झुरळाची कुपी शोधते, तिच्या कडक कवचाला भोक पाडून आत एक अंडं घालते. त्यातून निघालेली अळी कुपीतली सगळी अंडी खाते. म्हणजे चौदा-सोळा झुरळं जन्मायच्या आधीच गेली, त्या जागी एक माशी बाहेर पडते. ही घरात सारखी दिसत असेल तर जवळपास मोठ्या झुरळांच्या कुप्या आहेत एवढं नक्की समजा, आणि मोरीची जाळी, चेंबरचं झाकण तपासा. जर्मन झुरळांवर हिचा उपयोग नाही, कारण जर्मन मादी पिल्लं निघायच्या बेताला येईपर्यंत कुपी सोडतच नाही.

*

निवांत

रात्री दिव्याला येणारी पिवळट झुरळं कोणती? दिव्याभोवती उडतात, उजेडाला घाबरत नाहीत. जर्मनसारखीच दिसतात, रेघाही आहेत, म्हणून घाबरलोय.

*

रानपाखरू

उडतात आणि उजेडाकडे येतात, हीच खूण. जर्मन झुरळ उजेडापासून पळतं. तुमच्याकडचं आशियाई झुरळ असण्याची शक्यता जास्त. दोन्ही इतकी जवळची की नुसत्या रेघांवरून फसायला होतं, त्यामुळे इथे वागणं बघायचं. ते बाहेर पाल्यात, गवतात राहतं, शेतात पतंगांची अंडीही खातं. घरात त्याचं बस्तान बसत नाही. खिडकीला जाळी लावा, बाहेरचा दिवा गरजेपुरता ठेवा, झालं.

२०२४ मध्ये जनुकांचा एक मोठा अभ्यास आला, त्यानुसार जर्मन झुरळ या आशियाई झुरळापासूनच सुमारे २,१०० वर्षांपूर्वी वेगळं झालं, भारत किंवा म्यानमारच्या भागात. मग व्यापारी आणि सैन्यांच्या सामानातून पश्चिमेकडे गेलं. आज ते माणसाच्या इमारतींबाहेर कुठे रानात सापडत नाही. मला हे फार विलक्षण वाटतं: एक भावंड गवतात राहिलं, दुसरं आपल्या ओट्याखाली येऊन तिथलंच झालं.

*

निवांत

जाळी लावतो. घरातली तपासली, एकही नाही. जीव भांड्यात पडला.

*

मध्यरात्र

सापळे आणि जेल दोन्ही लावलं. पहिल्या आठवड्यात मेलेली खूप सापडली. आता मोठी दिसत नाहीत, पण सापळ्यात बारीक, बिनपंखांची, काळपट पिल्लं अडकतात. आणि जेलचे काही ठिपके तसेच आहेत, कोणी खाल्लेले नाहीत. औषध बाद झालं का?

*

फवारणीवाला

दोन शक्यता. ठिपके सुकले असतील, सुकलेलं जेल खात नाहीत, खरवडून नवीन लावा. नाहीतर आमिषातली साखर त्यांना नको असेल. जेल निकामी का होतं याचा शोध १९९३ मध्ये लागला होता. काही वसाहतींतली जर्मन झुरळं ग्लुकोज असलेलं आमिष टाळायला लागली होती. २०१३ मध्ये कारण कळलं: त्यांच्या तोंडाजवळच्या चव ओळखणाऱ्या पेशींना ग्लुकोज कडू लागतं. आमिषाला तोंड न लावणारी वाचली आणि त्यांचीच पिल्लावळ वाढली. म्हणून दुसऱ्या आमिषाचं, दुसऱ्या कंपनीचं जेल घ्या, पण नुसतं नाव बदलून नाही. पाकिटावरचा औषधाचा घटकही वाचा. फिप्रोनिल असेल तर इंडोक्साकार्बचं घ्या, किंवा उलट.

*

रानपाखरू

दादांनी सांगितलंय ते करा. पिल्लं दिसतायत ती बहुतेक आधीच्या कुप्यांतून निघालेली. म्हणूनच आता थांबायचं नाही, ती मोठी होऊन कुपी धरायच्या आत त्यांना आमिष मिळालं पाहिजे.

सोबत दोन गोष्टी. सिंकखालची गळती असेल तर ती आधी. खाण्याशिवाय ती बरेच दिवस काढतात, पाण्याशिवाय फार नाही. रात्री सिंक आणि ओटा कोरडा पुसून झोपा. आणि फ्रिजमागच्या, प्लगच्या मागच्या पोकळीत बोरिक पावडर, पण नुसती धूळ बसल्यासारखी पातळ. ढीग घातला तर ती वळसा घालून जातात. पातळ असली तर पायांना, मिशांना लागते आणि अंग चाटून साफ करताना पोटात जाते. मुलांचा किंवा पाळीव प्राण्यांचा हात पोचेल अशा ठिकाणी ती अजिबात नको, आणि अन्नाच्या जागी तर नाहीच. प्लगजवळ हात घालण्याआधी वीज बंद करा.

*

मध्यरात्र

गळती आहे, सिंकखालचा नळाचा जोड थेंबथेंब गळतो, खाली वाटी ठेवली होती. प्लंबरला बोलावलंय. पाकिटावर फिप्रोनिलच लिहिलंय, उद्या दुसरं आणते. सापळे कधी काढायचे?

*

फवारणीवाला

इतक्यात नाही. भरले की बदला, मागे तारीख लिहा आणि कुठला कुठे होता तेही. सलग दोन महिने सगळे रिकामे निघाले, पिल्लूसुद्धा नाही, तर जेल थांबवा. सिंकखालचा आणि फ्रिजमागचा सापळा त्यानंतरही राहू द्या. भाजीच्या पिशवीतून, जुन्या मिक्सरमधून, पुठ्ठ्याच्या खोक्यातून एखादी कुपीवाली मादी परत येऊ शकते, आणि आली तर ती आधी तिथेच सापडेल.